हाकेला ओ

फ्रेजरपुरा, अमरावती
४ डिसेंबर २०२४

चि. रश्मीस,
सप्रेम जयभीम व आशीर्वाद, वि. वि.

वसुलीवाले जीव खातात म्हणून मोबाइल बंद ठेवलाय, त्यामुळे हे पत्र. आपल्या दारावर कोर्टाची नोटीस चिकटवली आहे. माझा मित्र देवीदास याच्या फोटो स्टुडिओच्या कर्जाला मी जामीन राहिलो, तो गाव सोडून गेला आणि पतसंस्थेने माझ्याविरुद्ध निकाल मिळवला, हे तुला माहीतच आहे. आता मला दिवाणी तुरुंगात का पाठवू नये, असं विचारलंय. तारीख वीस डिसेंबर.

चूक आमचीच. बाबांना कर्जापायी न्यायला आलेल्या कोर्टाच्या बेलिफाने गल्लीतून नावाने हाक मारली, ते ओ देत बाहेर गेले आणि तुरुंगातून परतले ते निम्मेच. त्याच वर्षी वारले. तेव्हापासून बाहेरून कोणी हाक मारली तर ओ द्यायची नाही, हा आईचा नियम. तिला दिवेलागणीला अजून हाक ऐकू येते. खरं सांगू, माझं दुकान बंद पडल्यापासून मलाही येते. परवा दुपारी हाक आली, तर आई म्हणाली की बसून राय, तेच हाक हाय. मी बसून राहिलो. तो खरा बेलिफ होता! नोटीस शेजारच्या मैनाबाईंनी दाखवली.

मला तुरुंगापेक्षा त्या हाकेची भीती वाटते. काय करू ते कळव. माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझा दादा,
संघपाल

जठारपेठ, अकोला
९ डिसेंबर २०२४

ति. दादास,
सादर जयभीम, वि. वि.

बहीण वकिलीची पाटी लावून बसलीये आणि तू नोटीस चिकटल्यावर जागा होतोस! पाय प्लास्टरमध्ये नसता तर येऊन आधी तुझा कान धरला असता.

नीट वाच. ही अटक नाही, विचारणा आहे. नुसते पैसे नाहीत म्हणून कोणाला तुरुंगात टाकता येत नाही. असून दडवले, मुद्दाम टाळलं, हे त्यांना दाखवावं लागतं, आणि तुझं म्हणणं ऐकून घेणं कोर्टाला भाग आहे. पण हजर राहिला नाहीस तर वॉरंट निघेल. घरात असून ओ देत नाही, हीच टाळाटाळ, असं त्यांचा वकील म्हणणार. तुझी भीती मी कोणत्या कलमात बसवू, दादा?

माझी वकील मैत्रीण अदिती तुझ्या बाजूने उभी राहील. शिपाई पुकारा करेल तेव्हा तुझ्या नावापुढे बाबांचं नाव येईल. दचकू नकोस, मोठ्याने ओ दे. आईला नेऊ नकोस, तिला सोसायचं नाही.

बाबांनाही असंच विचारायला हवं होतं. विचारलं होतं का कुणी? वकील झाल्यापासून हा प्रश्न मला झोपू देत नाही. आईला सांभाळ, माझ्यावर रागावू नकोस.

तुझीच,
रश्मी

अमरावती
२१ डिसेंबर २०२४

चि. रश्मीस,
सप्रेम जयभीम, वि. वि.

आई ऐकते का कुणाचं? काल कोर्टात आलीच.

अदितीताई आत होत्या, आम्ही व्हरांड्यात. शिपायाने पुकारा केला, संघपाल पंजाबराव. बाबांचं नाव ऐकलं आणि मी घरातल्यासारखाच बसून राहिलो. दुसरा पुकारा झाला. तिसऱ्याला माझ्या शेजारून ओ आली. आपल्या आईची, रश्मी! तिने माझा हात धरून मला आत नेलं.

तू म्हणालीस तसंच त्यांचा वकील बोलला. जजसाहेबांनी मला विचारलं की दार का उघडत नव्हता. मी सगळं सांगितलं, बंद दुकान, बाबा, ती हाक. कोणी हसलं नाही. आई मधेच उठून म्हणाली की याले इचारून राहिले ते बरं झालं साहेब, याच्या बापाले कोनीच काही इचारलं नोतं. शिपाई तिला बसवायला आला, तर साहेबांनी त्यालाच थांबवलं.

अटक नाही. कर्ज आहे तसंच आहे, फेडत राहू.

काल दिवेलागणीला आई दार उघडं टाकून उंबऱ्यावर बसली. थंडी आहे, आत चल म्हटलं, तर म्हणाली की थे दररोज हाक मारून राहिले अन् आपन दार लावून बसलो, त्यायले घरात यायचं होतं. मग गल्लीकडे बघत तिने ओ दिली.

मलाही ती हाक ऐकू आली होती. आवाज बेलिफाचा नाही, बाबांचा आहे. आणि नाव तुझं घेत होते. पाय बरा झाला की ये, आम्ही दार लावत नाही.

तुझा दादा,
संघपाल