पाववाल्याची धाकटी

३ तारीख, सोमवार
आलो एकदाचे! सामान अजून दोरीत बांधलेलंच आहे, पण खिडकीतून नदी दिसते म्हणून आमची ही खूश. खाली पाववाल्याचं दुकान, त्यामुळे जिनाभर ताज्या पावाचा वास. त्याची धाकटी मुलगी पिठाळ हातांनी आमची पेटी धरायला धावली आणि नको नको म्हणता वरपर्यंत घेऊन आली.

नोंदणी कचेरी चार पावलांवर. शहराच्या रहिवाशांची जुनी वही वाळवीने खाल्लीय, ती नव्या वहीत उतरवायची. घर, माणसं, वय, काम. उतरवलेलं पान रोज संध्याकाळी जाळायचं. बावन्नाव्या वर्षी असं बसून करायचं काम मिळालं, आणखी काय हवं?

लेखणी काळ्या हाडाची आहे, बोटांना गार लागते. जुने कारकून म्हणाले की शहराच्या वहीवर हीच उमटते, आणि हिने लिहिलेलं खरं होतं. आधी काय होतं ते फक्त लिहिणाऱ्याला आठवतं. नवख्याची फिरकी घेतायत असं समजून मी हसलो. ते हसले नाहीत. किल्ली देऊन दुपारच्याच गाडीने गेले.

६ तारीख, गुरुवार
दिवसाला चाळीस घरं होतात. नवे रहिवासी म्हणून आमचंही घर, एकशे बारा, वहीत नोंदवलं: आम्ही दोघं. मनगट सुजलंय. घड्याळवाल्याच्या नोंदीत ‘उजवा पाय अधू’ऐवजी चुकून ‘डावा’ लिहिलं गेलं. घरी जाताना पाहतो, तर तो डाव्या पायाने लंगडत दुकानाच्या फळ्या लावत होता. विचारलं तर त्याची बायको म्हणाली, लहानपणापासून असंच आहे.

परत जाऊन दुरुस्त केलं. तो उजव्या पायाने लंगडायला लागला. हिला काही सांगितलं नाही.

१२ तारीख, बुधवार
जुन्या कारकुनांचा पत्ता कुणालाच माहीत नाही. वही अर्धवट ठेवली तर उरलेल्या घरांचं काय होईल, तेही कुणाला ठाऊक नाही. म्हणून लिहितोय. एकेक अक्षर तीनदा तपासतो. डोळ्यांतून पाणी येतं. दुपारी मान आपोआप खाली जाते.

१४ तारीख, शुक्रवार
पाववाल्याच्या घरातली एक ओळ सुटली.

सकाळी तो दुकानात एक छोटा पाव हातात घेऊन उभा होता. रोज एक जास्तीचा का भाजतो कुणास ठाऊक, म्हणाला. मुलं किती, असं मी विचारलं. एकच, थोरला, म्हणाला. आत त्याची बायको एक लहानसा झगा घडी करत होती, उलगडत होती, पुन्हा घडी करत होती.

जुनं पान कालच जाळलंय. तिचं नाव काय होतं? सगळे धाकटीच म्हणायचे. मीही कधी विचारलं नाही.

१५ तारीख, शनिवार
लिहिलं. ‘धाकटी मुलगी. वय अंदाजे नऊ.’ माझ्याकडे तेवढंच होतं.

आली. दुकानाच्या दारात उभी आहे. सातची वाटते, मान वळवली की अकराची. चेहरा ठरत नाही. अंदाजे! मीच लिहिलंय ते. खात नाही. उभी केली तिथेच उभी राहते. आई तिचे केस विंचरते आणि रडते. का रडतेय ते तिला सांगता येत नाही.

१७ तारीख, सोमवार
शनिवारी रात्री ‘हसरी’ असं वाढवलं. काल सकाळपासून हसतेय. थांबतच नाही. गिऱ्हाइकं दुकानात शिरत नाहीत.

आज ‘शांत, समजूतदार, लिहितावाचता येतं’ असं जोडलं. हसणं थांबलं. दुपारी कचेरीत आली, माझ्या खांद्यावरून स्वतःची ओळ वाचली. बराच वेळ. मग म्हणाली, “काका, मी एवढीच?”

फार थकलोय, उद्या बघू, म्हटलं.

१९ तारीख, बुधवार
टेबलावर डोकं टेकलं होतं, क्षणभरच — जाग आली तर लेखणी धाकटीच्या हातात. स्वतःची ओळ लांबवतेय. जागा पुरत नाही म्हणून खालची घरं खोडते. खोडलेल्यांमधलं हवं ते आपल्या ओळीत घेते. एकाचे डोळे, कुणाची तरी झोप. चेहरा आता ठरलाय. सुंदर आहे.

ओरडलो. तिने शांतपणे माझ्या ओळीत ‘थकलेला’ लिहिलं.

उठता येत नाही. पेन्सिल तेवढी चालते.

२० तारीख, गुरुवार
अजून खुर्चीतच. गल्लीत आवाज नाही. सकाळी कुणीतरी मला शोधत कचेरीत आलं होतं, दारातून ‘अहो’ म्हणून हाक मारली — मग लेखणी करकरली आणि —

कोण होतं? माझ्यासमोर डबा आहे. दोघांचा. दुसरा घास कुणाचा —

धाकटी म्हणाली, “किती दमलात हो.” हा आवाज तिचा नाही. ओळखीचा आहे. ऐकून रडू आलं, का ते —

घर एकशे बारावर आलीय. पुरुष एक, वय बावन्न, काम लिहिणे. ‘बावन्न’ खोडलं. आता माझं वय —

हात जोडले असते, उचलवत नाहीत. लेखणी पुढच्या शब्दावर टेकली. काम, लि