मोजे वगळून

बाबा, पुढच्या आठवड्यात मला भाषण द्यायचं आहे. तुयेच्या औद्योगिक वसाहतीतल्या कारखानदारांपुढे. विषय असा, की कामगारांचे सेफ्टी बूट थेट उत्पादकांकडून स्वस्तात कसे घ्यावेत. तू हसशील. तुझ्या मुलाला इतक्या वर्षांनी लोक जाणकार म्हणून बोलावतात, आणि तोही बुटांतला. कालपासून टिपणं काढायला बसलोय आणि दर वेळी पहिल्याच मुद्द्यापाशी अडकतोय. पहिला मुद्दा आहे, 'मधला व्यापारी टाळा.' एवढं लिहिलं की मला तुझा उजवा पाय दिसतो. म्हणून टिपणं बाजूला सारून हे लिहितोय. मेलेल्या माणसाला पत्र लिहिणं हा शुद्ध मूर्खपणा आहे हे मला कळतं. पण जिवंत माणसांना 'आपल्या पत्रास अनुसरून' म्हणत मी जन्मभर जी पत्रं लिहिली, त्यांत तरी कुठे शहाणपण होतं?

तेव्हा मी खाणीच्या कचेरीत खरेदी विभागात नवा कारकून होतो, आणि तू त्याच खाणीवर, शिरगावच्या बाजूला, लोखंडाची खनिज माती धुण्याच्या प्लांटवर मजूर. तू इब्रामपूरहून पहाटे कंपनीच्या ट्रकातून जायचास, मी उशिरा स्कूटरवरून. मागे बस म्हटलं की तू मान हलवायचास. "नको रे. कचेरीतल्या माणसाच्या पाठीक बसान कामार गेलेला बरा दिसणा नाय. तू फुडे जा." मी समजायचो, म्हातारा भिडस्त आहे. तू भिडस्त नव्हतास. आपला मुलगा कचेरीतला माणूस आहे हे चार लोकांनी लांबून बघावं, अशी तुझी हौस होती. ती हौस मला कळली असती तर पुढचं बरंच काही टळलं असतं, पण मला तेव्हा फक्त दरपत्रकं कळायची.

कचेरीत त्या दिवसांत भाषेवरून रण माजलं होतं. एका टायपिस्टला कोंकणी राजभाषा हवी होती, दुसऱ्याला मराठी, आणि दोघं एकमेकांशी इंग्रजीतून भांडायचे. प्लांटवर सुरक्षेचा फलक लावायचा होता, तो कुठल्या भाषेत लावावा याची फाइल तीन टेबलं फिरली आणि शेवटी साहेबाने कंटाळून इंग्रजीत लावला. तो वाचता येणारा प्लांटवर एकच माणूस होता, फलक रंगवणारा, आणि तोही रंगवून झाल्यावर निघून गेला. घरी आपण बोलतो ते मराठी की कोंकणी, असं मी तुला एकदा मुद्दाम विचारलं होतं. तू पेजेचा वाडगा खाली ठेवून माझ्याकडे असं बघितलंस जणू मला ताप चढलाय. "आमी बोलतो ता," म्हणालास, आणि परत पेज जेवू लागलास.

बूट तोवर म्हापशाच्या एका व्यापाऱ्याकडून यायचे. वाटपाच्या दिवशी तो स्वतः जीप भरून खोकी आणायचा. तुम्ही सगळे झाडाखाली रांगेत बसायचात, एकेकजण बूट चढवून चार पावलं चालायचा आणि "हो चावता", "हो ढिलो" म्हणून परत फेकायचा. व्यापारी घामाघूम होऊन दुसरा जोड शोधायचा. मोठा घे, त्यात मोजे दोन घाल, नाहीतर पुढच्या खेपेला रुंद आणतो, असं त्याचं दुपारभर चालायचं. त्याचा दर मात्र चढा होता. मी नवाकोरा बी.कॉम. दोन पानी टिपण लिहून दाखवून दिलं, की हा माणूस मधल्या मध्ये मलई खातो, बूट बनवणाऱ्याकडून थेट घ्यावेत. त्याच्या दरात ती घामाघूम दुपारही धरलेली होती हे माझ्या टिपणात नव्हतं. साहेब खूश. मला उत्तरेतल्या एका कारखान्यात जाऊन सौदा करायला सांगितलं.

निघायच्या आदल्या संध्याकाळचं आपलं स्वयंपाकघर मला लख्ख दिसतं. आई चुलीपुढे बसून उंडो पाव शेकते आहे, तू भिंतीला टेकून पाय पसरून बसला आहेस. तुझे पाय बघ. जन्मभर शेतात आणि डोंगरात अनवाणी फिरलेले, बोटं पंख्यासारखी फाकलेली, करंगळी तर बाकीच्यांशी भांडून वेगळं बिऱ्हाड केल्यासारखी. तू म्हणतोस, "एक काम कर. कागद घेवन ये नि पेन्सिलीन आमचे पाय काड. सगळ्यांचे. ते घेवन जा."

मी हसतो. "बाबा, तिथं मशीनवर बनवतात. नंबर असतात. तुझा आठ."

"नंबर तुझे. पाय आमचे."

आईला हसू आवरत नाही. "काड मरे बापाशीचो पाय! देवाक लावया फ्रेम करून." मी कागद आणला नाही. शंभर माणसांचे चिखलाचे पाय कागदावर रेखत बसलेला खरेदी विभागाचा माणूस, हे चित्र मला सोसलं नाही.

त्या कारखान्यात एक भिंतभर फळ्या होत्या आणि फळ्यांवर लाकडी पाय मांडलेले. त्याला फर्मा म्हणतात, त्याच्यावर चामडं ओढून बूट शिवतात. शेकडो पाय, सगळे गोरेगोमटे, निमुळते, एकालाही भेग नाही, बोटं वेगळी नाहीत. मालक भला माणूस होता. त्याने चहा दिला आणि आपण होऊन विचारलं, "पंजा रेगुलर चलेगा या चौड़ा? खान में तो लोग नंगे पाँव वाले होते हैं, साहब." मी दर विचारला. तो म्हणाला, रुंद फर्म्यावर चामडं जास्त लागतं, दर थोडा वाढेल. थोडाच. पण त्या थोड्याने माझ्या दोन पानी टिपणातली शेवटची ओळ बिघडत होती. मी म्हणालो, रेग्युलर. वर आणखी दर पाडायला, प्रत्येक जोडाबरोबर तो सुती मोज्यांचा जोड देणार होता, तो मी काढायला लावला. ऑर्डरवर मीच लिहिलं, 'मोजे वगळून.' मालकाने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि सही केली. त्याने मला कशातही फसवलं नाही, बाबा. बुटाच्या टोकाला पोलादी टोपी होती, चामडं खरं होतं, शिवण पक्की होती, दाखला सोबत होता. ज्याच्या नावाने बोटं मोडावीत असा कोणीच ह्या गोष्टीत नाही. शोधून थकलो.

बूट आले तेव्हा गोवा नुकतंच घटक राज्य झालं होतं. कचेरीत पेढे वाटले, आणि त्याच इंग्रजी फलकाखाली मी बूट वाटले. बदलून द्यायला आता जीपवाला नव्हता. यादीत नाव, नावापुढे नंबर, नंबरापुढे अंगठा. प्लांटवरचा तुझा जोडीदार, तो गडहिंग्लजकडचा, बूट हातात उलटासुलटा करून मला म्हणाला, "ओ साहेब, ह्यात पाय घालायचा, का पायात ह्ये घालायचं?" सगळे खदखदून हसले. तू हसला नाहीस. तू खाली बसलास, पाय आत कोंबलास, नाडी आवळलीस आणि सगळ्यांना दिसेल असं चालून दाखवलंस. "बरे आसत," म्हणालास.

पंधरा दिवसांत बाकीच्यांनी आपापली सोय केली. कुणी बूट गळ्यात अडकवून चपला घालून काम करायचा आणि मुकादम दिसला की पायात चढवायचा. कुणी गावच्या मेव्हण्याला भेट दिले. कुणी कडेचं चामडं ब्लेडने कापून करंगळीला खिडकी केली. मी ह्या सगळ्याला 'कामगारांची सुरक्षेबाबत उदासीनता' असं नाव देऊन साहेबाला अहवाल दिला. एकटा तू कामाच्या आठ तासांत बूट काढायचा नाहीस. प्लांटवर पाणी आणि तांबडा गाळ. चामडं दिवसभर भिजायचं आणि सकाळपर्यंत वाळून लाकूड व्हायचं, आणि त्यात तुझा उघडा पाय. हे मला तुझ्या जोडीदाराने फार नंतर सांगितलं. "म्हातार्‍याला म्हटलं, काढ की रं त्ये, पाय सुजलाय. तर आमाला गप करायचा. म्हणायचा, माझ्या झिलान हाडल्यात. त्याका साहेब काय म्हणतलो?"

झील म्हणजे मी. माझ्या बुटांना नाव ठेवलेलं साहेबाच्या कानावर जाऊ नये म्हणून तू लंगडलास. घरी आल्यावर बूट पडवीत काढून विहिरीवर पाय धुवायला एकटाच जायचास, आणि आत येताना लंगडायचा नाहीस. शेवटी आईनेच एक दिवस हात धरून सोप्यावर बसवलं. "दाखय पाय. दाखय म्हणतंय ना!" करंगळीच्या बाजूला मांस उघडं पडलं होतं आणि त्याला वास येत होता. "ह्या काय ता? कित्याक सांगलंस नाय?" तू म्हणालास, "काय नाय गो. कायतरी लागला आसतला."

इस्पितळात डॉक्टरने जखम पाहिली आणि विचारलं, हे कशाने? तू माझ्याकडे बघितलंस. तू काही बोलण्याआधीच मी बोललो. "काटा रुतला, डॉक्टर. घरच्या कुंपणाकडे काम करताना." मला ते सुचायला क्षणही लागला नाही. तुझे डोळे माझ्यावरच होते, आणि त्यात राग असता तर मी आज सुखी माणूस असतो. तू डॉक्टरकडे वळून म्हणालास, "होय. काटो." मग रक्त तपासलं, त्यात साखर निघाली. ती किती वर्षं होती कुणाला ठाऊक? डॉक्टर म्हणाले, साखरेच्या माणसाच्या पायाला साधं खरचटलं तरी जपावं लागतं. दिवाळीच्या आधी करंगळी गेली, दिवाळीनंतर शेजारची दोन बोटं, मग पुढचा पंजा. आई घरी आली ती सरळ परसात गेली आणि कुंपणाची करवंदाची जाळी कोयत्याने तोडायला लागली. शिव्या घालत, रडत, मुळापासून. मीही कुदळ घेऊन तिच्याबरोबर खणायला लागलो. हे दृश्य मी कुठल्याही भाषणात सांगू शकणार नाही. ती गेली तोवर आपल्या परसात एक करवंद उगवू दिलं नाही तिने.

पंजा कापल्यानंतर मी तुला भेटायला आलो होतो. तू खिडकीकडे तोंड करून पडला होतास. मी स्टूल ओढून बसलो. तू न वळता म्हणालास, "आता बसतले रे माका तुझे बूट." मी हसावं म्हणून बोललास, की मला ठाऊक असावं म्हणून, हे मला आजतागायत ठरवता आलेलं नाही. मी दोन्ही अर्थ आळीपाळीने वापरतो. बरा दिवस असला की पहिला, नाहीतर दुसरा. होळी-शिगम्याच्या आधी तू गेलास. खाणीच्या अपघात रजिस्टरात त्या वर्षी पायाची एकही नोंद नाही. काटा कामावर रुतला नव्हता ना. साहेबाने मला बोलावून शाबासकी दिली.

आता त्या खाणी बंद आहेत. कारखान्यांत लांबून माणसं येतात, ओडिशातून, झारखंडमधून, तुझ्यासारखेच पाय घेऊन, आणि खरेदीवाला ठेकेदाराला फोनवर नंबर विचारतो. मी भाषणात सांगेन का, की पायाचं माप कागदावर घ्या, रुंदीला पैसे मोजा, बदलून देणाऱ्याला त्याचा नफा द्या? सांगेन बहुतेक. लोक वहीत लिहून घेतील आणि चहाला उठतील, आणि त्यांच्यातला हुशार पोरगा स्वस्तातला उत्पादक कोणता म्हणून माझा फोन नंबर घेईल.

हे पत्र टाकायला पेटी नाही, म्हणून उरलेलं तेवढं लिहितो. तू गेल्यावर सहा महिन्यांनी बुटांची पुढची मागणी निघाली. कामगार तेच, पाय तेच. मागणीच्या फॉर्मवर एक रकाना असायचा, मागच्या खरेदीत काही बदल करायचा असल्यास त्याचं कारण. रुंद फर्मा मागायला मला कोणी अडवलं नसतं. एक ओळ लिहिली असती की झालं असतं. पण रुंद कशाला, ते त्या ओळीत साहेबाने वाचलं असतं, मग काट्याचं काय, असं कुणीतरी विचारलं असतं. मी 'बदल नाही' असं लिहिलं आणि सही केली. हात थरथरला वगैरे लिहिता आलं असतं तर बरं दिसलं असतं. तसं काही झालं नाही. दुपारचा एक वाजला होता आणि मला भूक लागली होती. फॉर्म ट्रेमध्ये ठेवून मी जेवायला गेलो.