झाकणाच्या आतली रेघ

मी, घड्याळजींची धाकटी मुलगी, वय सव्वीस, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत आणि कुणाच्याही दडपणाशिवाय लिहून ठेवत आहे. गुरुवारी माझं ऑपरेशन आहे. डॉक्टर म्हणतात, किरकोळ आहे. तरीही लिहिते.

१. दुकानातला माझा अर्धा हिस्सा, बँकेतली शिल्लक आणि सगळी हत्यारं माझ्या थोरल्या बहिणीला, म्हणजे ताईला मिळावीत. डोळ्याला लावायच्या भिंगाची कड सैल आहे, जपून वापरावं.

२. निळी शाल आत्याला द्यावी. "ही पोरगी लग्नाआधी मृत्युपत्र करील," असं ती चारचौघांत म्हणाली होती.

३. हे कलम मी तीनदा खोडलं आहे. आमच्याकडे घड्याळ दुरुस्त करणारा झाकणाच्या आत सुईनं आपली खूण कोरतो. ताईची आडवी रेघ, माझा ठिपका. सोळाव्या वर्षी एका गिऱ्हाइकाचं, त्याच्या वडिलांच्या आठवणीचं घड्याळ माझ्या हातून कायमचं बिघडलं. मी घाबरले आणि ठिपक्याऐवजी रेघ कोरली. बाबांनी ताईला कामावरून उठवून गल्ल्यावर बसवलं. बाबा जाईपर्यंत, म्हणजे सहा वर्षं, तिनं चिमटा हातात धरला नाही.

काल मी तिला हे सांगितलं. ती भाजी निवडत होती.

"माहीत आहे. मी डावरी, माझी रेघ उजवीकडे खोल असते. ती तशी नव्हती."

"मग बाबांना बोलली का नाहीस?"

"तुला उठवलं असतं तर तू पुन्हा बसली नसतीस."

"मला माफ केलंस?"

"वेडाबाई, ते काय एकदाच करून संपतं? रोज शटर उचलताना करते. कधी जमतं, कधी नाही. आज नाही जमलं. ऊठ, तो चाकू दे इकडे."

दहा वर्षं मी त्याच शटरखालून आत जात होते. माझ्यासाठी रोज केवढं काय उचललं जात होतं, याची मला कल्पनाही नव्हती. अजूनही ते माझ्या आवाक्यात येत नाही.

४. त्या गिऱ्हाइकाला खरं काय ते मी उद्या स्वतः सांगणार आहे. राहून गेलं तर हा कागद दाखवावा.

५. माझ्या पश्चात "ताईनं धाकटीला माफ केलं" असं कुणीही म्हणू नये, आत्यानंही नाही. ज्या दिवशी तिला जमणार नाही, त्या दिवशी तिला तसंच राहू द्यावं.

हे वाचून पाहून, खालील दोघांसमोर सही केली.

साक्षीदार: शेजारचे चष्मेवाले (सही)
समोरच्या शिंपीणबाई (सही)

लिहून देणार: धाकटी (सही)
स्थळ: दुकान
दिनांक: नऊ, मंगळवार