फिल्टर कुणी लावला

३ सप्टेंबर

आलो एकदाचे! सामानवाल्यांनी कपाट जिन्यात अडकवलं आणि आधी वर उचलायचं की आडवं करायचं यावर भांडत बसले. तेवढ्यात खारुताईने त्या कपाटात शिरून दुकान मांडलं आणि दोघांना खोटा खोटा चहा विकला. भांडण मिटलं. खारुताई म्हणजे माझी लेक. वय सात, पुढचे दोन दात गायब, आणि खिशात कायम काहीतरी साठवलेलं. आज खिसा उलटा केला तर स्क्रू, खडूचे तुकडे आणि अर्धं बिस्किट निघालं. स्क्रू आमच्याच कपाटाचा होता.

घर लहान आहे, पण आम्हा दोघींना पुरून उरेल. रस्ता ओलांडला की शाळा. तिथेच माझी कॉम्प्युटर विभागातली नवी नोकरी, तिथेच तिचा दुसरीचा वर्ग. ताईला फोन करून सांगितलं की आता आमचे दिवस पालटले म्हणून समज. ताई म्हणाली, तुझ्या तोंडात साखर पडो.

५ सप्टेंबर

शाळेत पाऊल टाकल्यापासून सगळ्यांची एकच रड: व्हिडिओ दिसत नाही, मुलांना नको ते झाकणारा फिल्टर आपोआप चालू झाला. आपोआप! जसा काही तो रात्री उठून बटण दाबतो. मुख्याध्यापिकांना, म्हणजे मोठ्या बाईंना, मी नम्रपणे सांगितलं की फिल्टर चालू होतो म्हणजे कुणीतरी केलेला असतो. तो चार जागी बसलेला असू शकतो. ब्राउझरमध्ये, अकाउंटमध्ये, त्या यंत्रावर पालकांसाठी दिलेल्या कुलपात, नाहीतर सगळ्या शाळेच्या नेटवर्कवर. एकेक जागा बंद करून बघायची, चोर सापडतोच.

आजचा चोर भूगोलाच्या सरांच्या अकाउंटमध्ये निघाला. सरांनी घाईत जन्मसाल भलतंच टाकलं होतं. फिल्टरच्या लेखी सर नऊ वर्षांचे, म्हणून ज्वालामुखीचा व्हिडिओ त्यांना दाखवत नव्हता. शिक्षकांच्या खोलीत हसून हसून पुरेवाट. सर मात्र दिवसभर माझ्याशी बोलले नाहीत.

९ सप्टेंबर

खारुताईच्या वर्गाच्या बाईंनी मुलांच्या कवितांचे व्हिडिओ शाळेच्या चॅनेलवर टाकले. खारुताईचा बघून मला भरून आलं. दात नसल्यामुळे अर्धे शब्द हवेतच जातात, पण मान किती ऐटीत. मग खाली पाहिलं तर कुठल्या कुठल्या अनोळखी माणसांनी तो बघितलेला. माझ्या पोरीकडे जगभरच्या रिकामटेकड्यांनी टक लावून बघायचं काही कारण नाही.

आमच्या फिल्टरमध्ये एक नवी सोय आहे. एखादा चेहरा त्याला शिकवला की तो चेहरा असलेलं काहीही तो कुणाला दाखवत नाही. खारुताईला कॅमेऱ्यासमोर बसवलं. डावीकडे बघ, उजवीकडे बघ, हस. तिने जीभ काढून दाखवली, तीही घेतली. 'ही व्यक्ती अ‍ॅडमिनखेरीज कुणालाही दिसणार नाही,' अशी पाटी आली. अ‍ॅडमिन म्हणजे अस्मादिक. घराला सात कुलपं लावल्यासारखं सुरक्षित वाटलं मला.

१२ सप्टेंबर

वर्गाच्या बाईंनी मला गाठून विचारलं की मुलगी दोन दिवस शाळेत का आली नाही. मी म्हटलं, मीच तिला हात धरून वर्गात सोडते की! त्यांना घेऊन वर्गापाशी गेले. खारुताई दुसऱ्या बाकावर बसून जोरजोरात हात हलवत होती. बाईंनी सगळ्या वर्गावरून नजर फिरवली आणि म्हणाल्या, बघा, नाही ना.

असा राग आला! लेकराचा इतका दुस्वास? मोठ्या बाईंच्या कानावर घालणार आहे.

१५ सप्टेंबर

खारुताई रडत घरी आली. डबा खाताना एक मुलगी तिच्या अंगावरच येऊन बसली आणि उठलीच नाही. मी म्हटलं, चेष्टा करतात गं नव्या मुलांची.

संध्याकाळी ताईचा व्हिडिओ कॉल आला. खारुताईला बोलव म्हणाली. खारुताई माझ्या मांडीवर होती, पडद्याला नाक लावून मावशी मावशी ओरडत होती. ताई म्हणाली, अगं बोलव ना, झोपली का?

नेटवर्क बरं नाही असं सांगून मी फोन ठेवला. 

१७ सप्टेंबर

ताईला पुन्हा फोन केला. बोलता बोलता म्हटलं, खारुताई रुसून बसली आहे.  तिने अगदी कौतुकाने विचारलं, अगं बाई, खार पाळलीस की काय?

जिने हिचं बारसं झाल्यापासून हिची अंगडी शिवली, ती माझी सख्खी बहीण.

१८ सप्टेंबर

भीतीने डोकं चालेना, म्हणून कामाच्या पद्धतीने विचार केला. हिला कोण बघू शकतं? फक्त मी. मीच का? कारण अ‍ॅडमिन मी आहे. फिल्टर आता पडद्यावर थांबत नाही. तो माणसांच्या डोळ्यांवर बसला आहे, आणि डोळ्यांमागे जे असतं त्यावरही. लावला कुणी? मी लावला. आईने.

फिल्टरमधून तिचा चेहरा पुसून टाकायला गेले. पाटी आली: 'खात्रीसाठी संबंधित व्यक्तीला कॅमेऱ्यासमोर बसवा.' बसवलं. पडद्यावर नुसती खुर्ची. खारुताईने हसून दाखवलं, जीभ काढून दाखवली, शेवटी कॅमेऱ्याला दोन्ही हातांनी धरून हलवलं. खुर्चीच दिसत राहिली. फिल्टरच्या कंपनीला सविस्तर लिहिलं. लगेच उत्तर आलं: कृपया संबंधित व्यक्तीला कॅमेऱ्यासमोर बसवा.

१९ सप्टेंबर

आज सगळा फिल्टरच बंद केला. चारही जागी, एकामागून एक. धावत वर्गाकडे गेले तर आतून बाईंचा आवाज: अगं, होतीस कुठे तू इतके दिवस! सगळ्या पोरींनी तिला घेरलं होतं. मी दाराला टेकून हमसाहमशी रडले. किती गोड होती ती घटका.

मग बाईंचं बोलणं अर्ध्यात थांबलं. फळ्याकडे वळल्या. मुली आपापल्या जागी गेल्या. खारुताई मधोमध उभी.

फिल्टर पुन्हा चालू. कारण विचारलं तर म्हणतो, मुलीच्या सुरक्षेसाठी तुमच्याच सूचनेनुसार.

त्यातच मोठ्या वर्गात, फिल्टर नव्हता तेवढ्यात, पडद्यावर काहीतरी भयंकर आलं म्हणे. मुलं घाबरली. मोठ्या बाईंनी बोलावलं. उद्यापासून अ‍ॅडमिनचे हक्क भूगोलाच्या सरांकडे. मी पाया पडले. म्हटलं, माझ्या मुलीसाठी तरी राहू द्या. त्या घाबरल्याच. फार मायेने म्हणाल्या, तुम्हाला मूल नाही हो. घरी जा, झोप काढा.

२० सप्टेंबर

हक्क गेले. सकाळी वेणी घालत होते. केस हाताला लागत होते, पण आरशात — मी एकटीच हवेत बोटं फिरवत होते. मान वळवून समोर पाहिलं. होती. पुसट. काच धुरकट झाल्यासारखी.

सरांकडे गेले. हक्क परत द्या म्हटलं. तुमच्यासारख्यांना देऊ नयेत म्हणूनच माझ्याकडे आले, म्हणाले.

सरांनाच विनवलं, चेहरा पुसा. त्यांनी प्रयत्न केला, खोटं कशाला बोलू. कॅमेऱ्यासमोर कुणाला बसवायचं, विचारलं. मी बोट दाखवलं. सरांनी खुर्चीकडे पाहिलं, मग माझ्याकडे —

२१ सप्टेंबर

दिसत नाही.

आवाज येतो. हात लागतो. ओढणीचं एक टोक तिच्या मनगटाला, एक माझ्या. ओढणी ताणली की कळतं, आहे. कामावर गेले नाही. तिला म्हटलं, बोलत राहा, काहीही बोल. पाढे म्हण. बेचं म्हटलं, तीनचं म्हटलं. चारचं म्हणता म्हणता आवाज —

मी ओरडले, थांबू नकोस! ती थांबली नव्हती. माझ्या तळहातावर हात मारत होती.

२२ सप्टेंबर

ऐकू येत नाही. तिला सांगितलं, इथे लिही. या वहीत. आईला वाचता येईल.

आई मि इथे आहे. मला भुक लागली.

वाचलं! वाचता आलं! देवा. दूध ठेवलं. पेला रिकामा झाला. बाळा, लिहीत राहा. तुझं नाव लिही, वर्ग लिही. मला विसरू देऊ नकोस.

आई तू रडू नको. मी तुझा हात धरलाय. तुला कळतंय का

नाही. हात — कुठला धरलास? डावा? नाही कळत गं.

२३ सप्टेंबर

ओढणीचं दुसरं टोक जमिनीवर. गाठ तशीच, आत काही नाही. कशाला बांधली —

तिच्यासाठी. तिच्या — पुढचे दोन दात. कपाट. कविता. मी तिची आई आहे. मी तिची आई आहे. हे वर लिहिलेलं सगळं मी वाचते आहे, पुन्हा पुन्हा, पण मधेच एका नावावर नजर ठरत नाही. सरकते. बाळा, लिही ना. का लिहीत नाहीस?

आई मी लिहिलंय. वर पण लिहिलंय. खूप लिहिलंय

लिही गं —

२४ सप्टेंबर

झोप छान झाली. कितीतरी दिवसांनी डोकं हलकं वाटतंय. नव्या जागेचा शीण असणार, दुसरं काय. मोठ्या बाईंना फोन करून माफी मागितली, उद्यापासून येते म्हटलं. त्या म्हणाल्या, झालं गेलं विसरून जा. ताईशीही खूप वेळ गप्पा झाल्या.

घर आवरलं. आधीच्या भाडेकरूंचं लहान मुलांचं बरंच सामान राहून गेलं आहे: कपडे, बूट, दप्तर. खोक्यात भरून खाली ठेवलं, कुणा गरजूच्या उपयोगी पडेल. एका फ्रॉकच्या खिशात खडूचे तुकडे होते. कुणाचं गोड पोर असेल. एकटीला एवढं घर मोठंच आहे खरं तर. दुधाचा पेला कुठल्या कुठे जातो आणि रिकामा सापडतो, माझाच वेंधळेपणा. या वहीत मधे मधे कोऱ्या ओळी सोडायची सवयही कधी लागली कोण जाणे. कागद काय फुकट येतो?

आई ते माझे बूट आहेत

आता पंखा लावून निवांत पडणार आहे.

आई मी तुझ्या शेजारीच बसलीये. आई इकडे बघ ना. मी रुसणार नाही. आई मी आता कुणाला सांगू मी