पुल्गाचा खोकला

१४ सप्टेंबर

रविवार. आईचा फोन. बोलता बोलता म्हणाली, "थांब रे, पुल्गाला पाणी पाजते." फोन खाली ठेवला. मग तो खोकला – सुका, खरखरीत. वीतभर कुत्री आणि खोकला केवढा! सतरा वर्षांची झाली आता. आमच्या चिवावातली, मेक्सिकोच्या उत्तर टोकाची ही जात दिसायला एवढीशी, पण आयुष्य दांडगं. आणखी दोन वर्षं तरी काढेल. काढायलाच हवीत.

१७ सप्टेंबर

जेवणाच्या सुट्टीत वेन्सेसला सांगितलं. फरशी बसवायला तो माझा जोडीदार. म्हणाला, "माणसं बायकोसाठी झुरतात, तू उंदरासाठी झुरतोस होय रे?" सगळे हसले. मीही हसलो. मग टाकीमागे जाऊन बसलो, एकटाच.

ह्या समुद्राकाठच्या कानकूनवाल्यांना काय सांगू? चार वर्षांचा होतो. दम्यानं निळा पडायचो. आईनं पिल्लू आणलं, माझ्या छातीवर झोपवलं. आमच्याकडे असंच करतात – कुत्रं पोराचा दमा स्वतःकडे ओढून घेतं. वर्षभरात मी पळायला लागलो आणि पुल्गाला धाप लागायला लागली. आता ती गेली तर तो दमा कुठं जाणार? माझ्याकडेच ना! इथली हवा तशीही तोंडावर ओलं फडकं टाकल्यासारखी.

२ ऑक्टोबर

बाजाराजवळच्या जनावरांच्या दवाखान्यात गेलो. लाज वाटली – बरोबर कुत्रं नाही, नुसता मीच! डॉक्टरीणबाई भली निघाली. म्हणाली, ह्या छोट्या कुत्र्यांची श्वासनळी म्हातारपणी ढिली पडते, चपटी होते. हृदयही थकतं. गळ्यात पट्टा नको, छातीवरून बांधायचा घ्या. वजन वाढू देऊ नका. दम्याचं सांगितलं तर हसली नाही. "अहो, लहानपणीचा दमा पुष्कळांचा आपोआप जातो. कुत्रं कुणाचं काही घेत नाही."

शिकलेली आहे. पण आमच्याकडची नाही.

५ ऑक्टोबर

छातीचा पट्टा पाठवला. लाल.

१९ ऑक्टोबर

आईचा फोन. पट्टा पोचला. "शोभतो का गं तिला?" "शोभतो हो." परत खोकला. म्हटलं, "दवाखान्यात ने ना." आई चिडलीच! "वय झालंय तिचं. म्हातारीला कशाला सुया टोचायच्या? तुला धाप लागत नाही ना?" नाही म्हटलं. "मग झालं तर."

फोटो मागितला. म्हणे झोपलीय.

१२ नोव्हेंबर

आज दिवसभरात दोनच शब्द बोललो. "सिमेंट आण."

१६ नोव्हेंबर

नाताळला जायचं नक्की केलं. अडीच दिवस बसमध्ये. पुल्गा, तोवर थांब!

२३ नोव्हेंबर

आईचा फोन आला नाही म्हणून मीच केला. ओफेलिया मावशीनं उचलला. "पुल्गा कशीय?" विचारलं.

"पुल्गा? अरे, ती ऑगस्टातच गेली. अंगणात पुरली आम्ही."

मागून खोकला आला. तोच.

मावशी हळू आवाजात म्हणाली, "तूच सांग बाबा तुझ्या आईला. डॉक्टरकडे चल म्हटलं की हात झटकते. म्हणते, पुल्गाचं दुखणं आता माझ्याकडे आलंय, राहू दे. मी बरी झाले तर ते पोराला शोधत जाईल."