मी वारलेलो नाही, हे कुसुमला सांगावे

तीर्थस्वरूप वसंतराव यांस रेणुकादासाचा साष्टांग नमस्कार.

इकडे मी खुशाल आहे. हे वाक्य सगळेच लिहितात, पण माझ्या बाबतीत ते पुरावा म्हणून वाचावे. आपला गुडघा कसा आहे? धर्माबादेत मिरचीची आवक सुरू झाली असेल, म्हणजे आईंचा खोकलाही वाढला असेल. कुसुम कशी आहे हे नवरा असून मी तिच्या भावाला विचारतो याची लाज वाटते, पण ती माझ्या पत्रांना उत्तर देत नाही.

ती भांडून माहेरी आली असे आपल्या घरी वाटत असेल. तसे नाही. मी वारलो म्हणून ती आली. हे समजायला या गावाविषयी थोडे सांगावे लागेल, आणि या गावाविषयी थोडे सांगता येत नाही.

माळटेंभी हे कंधारच्या हद्दीला लागून असलेले, पण लातूरकडचे गाव. निजामाच्या काळात इथली शाळा उर्दू होती, तेव्हापासून लोकांच्या तोंडी 'कल' हा शब्द बसला. तो कालही असतो आणि उद्याही. बाकीच्या मराठवाड्याने पुढे आपले काल आणि उद्या वेगळे करून घेतले. या गावाने घेतले नाहीत (गरज पडली नसावी). माणूस 'कल पाऊस' म्हणतो आणि समाधानाने आभाळाकडे बघतो. झाला की होणार, हे विचारले तर मास्तरचे डोके फिरले म्हणतात. लातूरचा वेगळा जिल्हा झाला तेव्हा मी सभा घेऊन तसे कळवले. सरपंच गुरुपादप्पा म्हणाले, हाव, कलच झालाय, आणि दुसऱ्या दिवशी कामासाठी जुन्याच जिल्ह्याला, उस्मानाबादेला, निघून गेले. वर्गात काळ शिकवून माझा घसा बसला. 'रामाने आंबा खाल्ला' आणि 'राम आंबा खाईल' यात फरक काय, असे विचारले तर सगळा वर्ग म्हणतो, आंबा त्योच हाय.

एवढे मी सोसले असते. पण गेल्या महिन्यात सकाळी मी दाढी करत असताना दारात गाव जमले. आमची शेजारीण कोंडाबाई कुसुमच्या गळ्यात पडून रडू लागली, की मास्तर लई चांगला माणूस व्हता. मी तोंडाला साबण लावून तिथेच उभा. चौकशी केल्यावर कळले, की ही इथली रीत आहे. माणूस जायचा तो जाणारच, मग भेटायला आधी गेले काय नि मागून गेले काय. या दुष्काळात टँकरच्या रांगेतून पुढे कुणाला सवड मिळेल याचा भरवसा नाही, म्हणून आटपून घेतात. मला त्यांनी आदराने सतरंजीवर जागा करून दिली. गुरुपादप्पांनी माझ्या शेजारी बसून माझी आठवण काढली. खरे सांगतो, वसंतराव, माझ्याविषयी इतके चांगले मी जन्मात ऐकले नव्हते. मला बरे वाटले. (अनंतपाळच्या शाळेत असताना निरोपाला नारळसुद्धा मिळाला नव्हता.) कुसुमला मात्र बरे वाटले नाही. दुखवट्याचे लुगडे पुढे आले तेव्हा ती आत गेली, पिशवी भरली आणि एसटीत जाऊन बसली. मी मागे धावत होतो, तर बायांनी मला धरून ठेवले. गेलेल्या माणसाने असे धावू नये म्हणे.

तेव्हा नव्या जिल्ह्याच्या कचेरीत आपल्या ओळखीचे जे साहेब आले आहेत, त्यांच्या कानावर घालून माझी बदली करावी. कुठेही चालेल, फक्त तिथे रीतसर उद्या असावा. मी फार थकलो आहे.

आईंना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

आपला, अद्याप हयात,
रेणुकादास

ता. क. बदलीचे राहू द्यावे. इथे टँकर येतो तेव्हा घागरीवरून झिंज्या ओढायची वेळ येते. त्यातही कोंडाबाई स्वतःची घागर भरून झाली की कुसुमची भरते आणि माझ्या दारात आणून ठेवते. रांगेतल्या एकाही बाईने आजवर हरकत घेतली नाही. कुसुम इथे नाही, असे मी तिला रोज सांगत होतो. ती म्हणायची, "हाय की, मास्तर. कल आली न्हाई का?"

पुन्हा ता. क. आज मीच तिला म्हणालो, "हाव, आली." आणि ते मला खोटे वाटले नाही. संध्याकाळच्या एसटीवर मी रोज जात होतो, आज जायचे विसरलो. वसंतराव, मला भीती वाटते. ती आलीच आहे असे माझ्याही मनाने घेतले, तर तिची वाट बघायला इथे कुणीच उरणार नाही. मला अजून वाट बघता येते आहे, तोवर तिला पाठवा.