तिसऱ्या मालिकेतला हात

अण्णा, ती कॅसेट तुम्ही पुसलीत, त्याचा राग अजून गेलेला नाही. आधी तेवढं सांगतो, मग बाकीचं.

आपण आखातात होतो तेव्हा सित्राच्या कारखान्यातून कंपनीच्या बसनं तुम्ही पाचला मनामात घरी उतरायचात आणि मी, एकोणीस वर्षांचा घोडा, टीव्हीसमोर कार्टून बघत बसलेला. जपानी मालिका, अरबीत बोलणाऱ्या. नावांच्या पाट्या कापून तिथं अरबी गाणं चिकटवलेलं, त्यामुळे कुणी केलंय ते कळायला मार्ग नाही. तरी मी ओळखलं होतं. बॉक्सरची, समुद्री चाच्यांची आणि पोरक्या मुलीची, तिन्ही मालिका एकाच दिग्दर्शकाच्या. ऐन क्षणी तो एकच हालचाल तीनदा दाखवायचा, मग चित्र थांबायचं आणि हातानं रंगवल्यासारखं दाट व्हायचं. शेजाऱ्यांचा व्हीसीआर आपल्या व्हीसीआरला जोडून मी तसे तुकडे एका कॅसेटवर घेतले, मिनिट-सेकंद वहीत लिहून, आणि तुम्हाला समोर बसवलं. कारण तुम्ही उठता-बसता ऐकवायचात, कधी पाट्या रंगवतोस, कधी रेडिओ उघडतोस, एक ना धड भाराभर चिंध्या. मला तुमच्यापुढे असा माणूस उभा करायचा होता, ज्यानं सगळं केलं आणि सगळं धड केलं.

तुम्ही वेल्डर. पाइपावरचा सांधा बघून कुणाच्या हातचा ते सांगणारे. चहा संपेपर्यंत बघितलंत आणि म्हणालात, "पहिल्या दोघांचा हात एक आहे. ही पोरगी दुसऱ्याची रे. हा नक्कल करतोय."

"वेल्डिंग नाहीये हे, अण्णा."

तुम्ही हसलात. पुढच्या शुक्रवारी त्याच कॅसेटवर क्रिकेटची मॅच घेतलीत. मी भांडलो तर म्हणालात, "बघून खलास झालं होतं ना?" माणसाला खोटं पाडायचं आणि वर पुरावाच पुसायचा, ही कुठली रीत? तुमचा सांधा कुणी न तपासता कापला असता तर? तुम्ही जाईपर्यंत मी हा विषय पुन्हा काढला नाही.

पुढे जपानी अक्षरं मी स्वतः शिकलो, कुणाची शिकवणी न लावता. त्या माणसाची कारकीर्द कामागणिक उतरवून काढली. खेळ, चाचे, प्रेमकथा, विनोदी, कितीतरी कामं टोपणनावानं. लोकांना मी ऐटीत सांगतो, तिन्ही मालिका नुसत्या नजरेनं ओळखल्या होत्या.

पोरकी मुलगी त्या यादीत नाही. टोपणनावांतही शोधली. ती त्याच्या हाताखालच्या माणसाची निघाली. हे कळून मला अकरा वर्षं झाली, अण्णा. लोकांना अजून तिन्हीच सांगतो.